न उडणारा पतंग आणि विषारी गोळ्या: मॅरियन बेटावर नेमकं काय चाललंय?

केपटाऊनपासून आग्नेयेला सुमारे दोन हजार किलोमीटरवर, हिंदी महासागराच्या दक्षिण भागात मॅरियन नावाचं बेट आहे. जवळपास ३०० चौरस किलोमीटरचं. कायमची वस्ती नाही, फक्त दक्षिण आफ्रिकेचा संशोधन तळ. या बेटावरचा एकूण एक उंदीर मारण्यासाठी हेलिकॉप्टरमधून शेकडो टन विषारी गोळ्या टाकण्याची तयारी सुरू आहे.

ही बातमी बहुतेक वेळा अल्बट्रॉस पक्ष्याच्या फोटोसह फिरते. डोक्यावर रक्ताळलेली जखम, तरी घरट्यावरून न हलणारं पिल्लू. फोटो बघवत नाही. पण उंदरांनी त्याच्या कितीतरी आधीपासून ज्याचा फडशा पाडला, तो जीव कुठल्याच फोटोत नसतो. तो आहे एक पतंग.

उडत नाही, मग कसला पतंग?

त्याचं शास्त्रीय नाव प्रिंगलिओफॅगा मॅरिओनी. मॅरियन आणि शेजारचं प्रिन्स एडवर्ड बेट हेच त्याचं घर. इथे वारा इतका सोसाट्याचा की उडणारा किडा थेट समुद्रात जायचा. या पतंगाचे पंख आखूड झाले आणि उडणं सुटलं.

खरं काम करते ती त्याची अळी. बेटावर चरणारी मूळची जनावरं नाहीत आणि थंडीमुळे पालापाचोळा लवकर कुजत नाही. अळ्या तो खातात, त्यातली पोषकद्रव्यं मातीत परत जातात आणि नवी झाडं वाढतात. अल्बट्रॉसच्या घरट्यात तर त्या जास्तच सापडतात, कारण पक्ष्याच्या अंगाच्या उबेने घरटं आजूबाजूच्या जमिनीपेक्षा काही अंश गरम असतं.

उंदीर आले कुठून?

एकोणिसाव्या शतकात सील मारायला येणाऱ्या जहाजांतून. पुढे १९४८च्या सुमारास तळावरच्या उंदरांवर उपाय म्हणून मांजरं आणली. फक्त पाच! त्यांची हजारो झाली आणि ती उंदरांपेक्षा पक्ष्यांवरच तुटून पडली. ती संपवायला १९९१ उजाडलं.

उंदरांचं आवडतं खाणं म्हणजे पतंगाच्या अळ्या. हवामान बदलामुळे बेट गरम आणि कोरडं होत गेलं, तसा उंदरांचा विणीचा हंगाम लांबला, संख्या वाढली आणि किडे झपाट्याने घटले. हिवाळ्यात खायला उरेना, तेव्हा मोर्चा पक्ष्यांकडे वळला. २००३मध्ये भटक्या अल्बट्रॉसच्या पिल्लांवर हल्ले दिसले. २०२३मध्ये मोठे अल्बट्रॉसही मेलेले सापडले. जगातल्या भटक्या अल्बट्रॉसपैकी साधारण पाव पक्षी याच बेटावर घरटी करतात. म्हणजे पक्ष्यांवरचं संकट खालून, मातीतून वर आलंय. ते पक्षी गेले, तर पतंगाची उबदार घरटीही जातील.

विषाने पतंग मरणार नाही का?

वापरायचं विष रक्त गोठू देत नाही. किड्यांची शरीररचना वेगळी असल्याने त्यांना त्याचा धोका कमी. मेलेले उंदीर खाणारे काही पक्षी मात्र दगावू शकतात, आणि हा आक्षेप गंभीर आहे. पण काहीच न करण्याची किंमत त्याहून मोठी दिसते.

खरी धास्ती आहे अपयशाची. अटलांटिक महासागरातल्या गॉफ बेटावर २०२१मध्ये अशीच मोहीम झाली आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये तिथे पुन्हा उंदीर दिसला. उलट मॅक्वेरी बेट २०१४मध्ये उंदीरमुक्त जाहीर झालं, पण ते मॅरियनच्या निम्म्याहूनही लहान आहे.

दक्षिण आफ्रिकेचं पर्यावरण खातं आणि बर्डलाइफ साउथ आफ्रिका ही संस्था मिळून ही मोहीम आखतायत. खर्च अडीच कोटी डॉलर्सच्या घरात. निधी जमवता जमवता मुहूर्त अनेकदा पुढे गेलाय. ठरेल त्या हिवाळ्यात बेटाचा कानाकोपरा गोळ्यांनी झाकावा लागेल, कारण एक गाभण मादी वाचली तरी सगळं मुसळ केरात.

जवळच्या प्रिन्स एडवर्ड बेटावर उंदीर कधी पोहोचलेच नाहीत. मॅरियनवर पतंग किती सावरला हे पुढे मोजायचं झालं, तर तुलना त्याच बेटाशी होईल. अंतर आहे फक्त २० किलोमीटरच्या आसपास.