दात थोडा हलू द्या

मार लागून हललेला दात आमच्याकडे दोन तऱ्हांनी वाया जातो. पहिली तऱ्हा सगळ्यांच्या ओळखीची: ‘आता कुठला राहतोय तो, काढून टाका.’ दुसरी मला जास्त अवघड वाटते, कारण तिच्यामागचा हेतू चांगला असतो. दात वाचावा म्हणून धावतपळत आलेले आईवडीलच सांगतात, ‘मॅडम, एकदम घट्ट करून टाका, जरासुद्धा हलायला नको.’

सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी माझा दातांचा दवाखाना आहे. पुढचे दात जायची इथली ठिकाणं ठरलेली. कबड्डीत पकड करताना चढाईवाल्याचा बसलेला गुडघा. शाळेतला पाण्याचा नळ, कारण पाणी पिणाऱ्याला मागून ढकलायचा मोह कुठल्याच पिढीला आवरलेला नाही. आणि कारखाने सुरू झाले की रस्त्याच्या कडेला दिव्याशिवाय उभ्या असलेल्या उसाच्या ट्रॉल्या, त्यांच्यावर रात्री जाऊन आदळणाऱ्या मोटारसायकली.

दात जागेवर बसवून, एक्स-रे काढून मूळ मोडलेलं नाही ना ते पाहिलं की तार बांधायची. स्टीलची, जास्तीत जास्त ०.४ मिलिमीटर जाडीची. ती बोटांनी इतकी सहज वाकते की बघणाऱ्याचा तिच्यावर विश्वासच बसत नाही. दुखावलेला दात आणि त्याच्या दोन्ही बाजूंचा एकेक धड दात, एवढ्यांच्याच पुढच्या बाजूला जेल लावून, धुऊन, वाळवून घ्यायचं. प्रत्येकावर साबुदाण्याएवढा कॉम्पोझिटचा ठिपका, त्यात तार, वरून निळा लाइट. ठिपके हिरडीपासून लांब ठेवायचे, म्हणजे ब्रश फिरतो. तार नसली तर मासे धरायच्या नायलॉनच्या बारीक दोऱ्यावरही भागतं.

सगळं झालं की आई हळूच बोट लावून बघते. ‘अजून हलतोय की ओ!’

हलतोय. तसाच हलायला पाहिजे.

दाताचं मूळ आणि जबड्याचं हाड यांच्यामध्ये साधारण ०.२ मिलिमीटर जाडीचा जिवंत तंतूंचा थर असतो. मार लागला की हे तंतू तुटतात. दाताला थोडी हालचाल मिळत राहिली तर ते पुन्हा जुळायला मदत होते. पक्कं जखडलं, तेही फार दिवस, तर तंतूंच्या जागी हाड भरून मूळ जबड्याला चिकटण्याचा धोका वाढतो. एकदा चिकटलं की शरीर त्या मुळाला हाडच समजतं आणि सावकाश झिजवत नेतं. अकरा-बारा वर्षांच्या मुलात त्याहून वाईट होतं. जबडा वाढत राहतो, चिकटलेला दात तिथंच थांबतो, आणि काही वर्षांत तो शेजारच्यांपेक्षा आखूड दिसायला लागतो. तो काढला तरी इम्प्लांट लगेच बसवता येत नाही, जबड्याची वाढ पुरी व्हावी लागते. म्हणजे ऐन कॉलेजच्या वयात काढघालीचा दात.

यात आमची जमातही निर्दोष नाही. मोडलेल्या जबड्यासाठी असलेली जाड आर्च बार नुसत्या हललेल्या दातांवर आवळून सहा-सहा आठवडे ठेवणारे डॉक्टर अजून आहेत. दातांच्या अपघातांवर काम करणाऱ्या आंतरराष्ट्रीय संघटनेने २०२० मध्ये सुधारून दिलेल्या सूचना स्पष्ट आहेत: पूर्ण निघून आलेला दात परत बसवला तर लवचीक तार २ आठवडे, बाजूला सरकलेल्याला ४ आठवडे. अशा सूचनांचा पाया ज्यांच्या कामावर उभा राहिला त्यांत कोपनहेगनचे येन्स आंद्रेआसेन हे मोठं नाव. १९६६ मध्ये त्यांनी एका सहकाऱ्याबरोबर, अपघातात निघालेल्या आणि परत बसवलेल्या ११० दातांचा अभ्यास प्रसिद्ध केला. अर्ध्या तासाच्या आत बसवलेल्या दातांपैकी बहुतेकांची मुळं शाबूत राहिली होती. दोन तासांहून जास्त वेळ बाहेर राहिलेल्यांपैकी बहुतेकांची झिजली होती.

आमच्याकडे तो अर्धा तास दात धुण्यात जातो. कुणी कागदाच्या पुडीत आणतं, कुणी कोरड्या रुमालात, कुणी हळद लावून. एका आजोबांनी तर नातवाचा दात टूथपेस्टने घासून पांढराशुभ्र करून आणला होता. मुळावरचे जिवंत तंतूच निघून गेले होते. मी बसवला, तारही बांधली, पण तो किती वर्षं साथ देईल याची खात्री आजोबांना देऊ शकले नाही.

पक्का दात निघून पडला तर पांढऱ्या भागाला धरून उचलायचा, मुळाला हात लावायचा नाही. माती लागली असेल तर दुधात हलकेच बुडवून काढायचा आणि शुद्धीवर असलेल्या मुलाच्या हिरडीत तिथल्या तिथे परत बसवायचा, वर रुमाल चावायला द्यायचा. धीर होत नसेल तर दुधात टाकून दवाखाना गाठायचा. साध्या पाण्यात ठेवू नये, त्यात मुळावरच्या पेशी फुगून फुटतात. आणि दूध नव्हतं ही सबब आमच्या जिल्ह्यात कुणी सांगू नये. दुधाचे दात मात्र परत बसवायचे नाहीत, खाली तयार होत असलेल्या पक्क्या दाताला इजा होते.

तार निघाली की लोक गायब होतात, ही माझी सगळ्यात जुनी तक्रार. निघून आलेल्या दाताच्या मुळाचं टोक पूर्ण बंद झालेलं असेल तर त्याचं रूट कॅनाल दोन आठवड्यांत सुरू करावं लागतं. पण दात दुखत नसतो. न दुखणाऱ्या दातावर पैसे घालवायचे हे कुणालाच पटत नाही, आणि मूळ आतल्या आत झिजत असतं.

शाळांच्या प्रथमोपचार पेटीत मला कापूस, पट्टी आणि मुदत संपलेलं मलम दिसतं. झाकणाच्या आतल्या बाजूला जवळच्या दातांच्या डॉक्टरचा नंबर लिहायला खर्च काही नाही. क्रीडाशिक्षकांशी हे बोलले की त्यांचा प्रश्न ठरलेला: आम्ही दात बसवला आणि पालकांनी गोंधळ घातला तर? माझं उत्तरही ठरलेलं आहे. दात आधी जागेवर जाऊ द्या सर, गोंधळ घालायला पालकांना माझ्याकडे पाठवा. तसंही ते घट्ट तारेसाठी माझ्याशी भांडणारच असतात.