दप्तराबाहेरची गायिका

ज्या कलावंताचे नाव कोणत्याही घराण्याच्या वंशावळीत बसत नाही, त्याची नोंद कोणत्या सदराखाली घ्यावी हे न उमजून त्याला दप्तराबाहेरच ठेवण्याची जी वहिवाट आपल्या संगीतसमीक्षेत पडली आहे, तिचा जाच मुंबईत जन्मून वाढलेल्या आशा पुथली यांना सर्वाधिक झाला, असे माझे मत आहे.

वेद मेहता यांनी ‘पोर्ट्रेट ऑफ इंडिया’ या १९७० च्या ग्रंथात त्यांच्याविषयी लिहिले, आणि पुढच्याच वर्षी न्यूयॉर्कमध्ये ऑर्नेट कोलमन या सॅक्सोफोनवादकाने ‘सायन्स फिक्शन’ या ध्वनिमुद्रिकेसाठी त्यांच्याकडून दोन गीते गाऊन घेतली. स्वरसंवादांची ठरीव चौकट झुगारणाऱ्या त्या संगीतात गायिकेला ना तंबोऱ्याचा आधार, ना आवर्तनाचा. सॅक्सोफोन आणि ट्रम्पेट आपापल्या वाटेने जात असता त्यांच्यामधून एक संथ, दीर्घ सुरावट अविचलपणे न्यावयाची, हे काम श्वासाची आणि मींडेची साधना ज्याने केली आहे त्यालाच साधावे. हिंदुस्थानी संगीताची तालीम गाठीशी असूनही त्यांनी तेथे एखादा राग चिकटविला नाही, हे मला विशेष मोलाचे वाटते. तबला आणि गिटार एका मंचावर बसविले की प्रयोग सिद्ध झाला, असे मानणाऱ्यांनी ती गीते एकदा तरी ऐकावीत.

त्या इंग्रजीत गायल्या, म्हणून त्या आपल्या नव्हेत, असे कोणी म्हणेल. पण तेलंगणातील उटनूरच्या माझ्यासारख्या रहिवाशाला हा युक्तिवाद पटणे कठीण. येथील परधान जमातीचे गायक घरी मराठी बोलतात आणि किंगरी हे तंतुवाद्य हाती घेऊन गोंड यजमानांपुढे त्यांच्या कुळकथा गोंडीत गातात. त्यांचे गाणे उसने आहे, असा आक्षेप घेण्याचे धाडस येथे कोणी करणार नाही.

पुढे पुथली पॉप आणि डिस्कोकडे वळल्या. जॅझचे सोवळे पाळणाऱ्यास हे अधःपतन वाटेल. मला मात्र १९७६ च्या ‘स्पेस टॉक’ या त्यांच्या गीतातील तो कुजबुजता, तरंगता सूर कोलमनच्या सहवासातल्या स्वरविचाराचाच विस्तार वाटतो. १९९७ साली नोटोरियस बी.आय.जी. या रॅप गायकाच्या गीतात त्याच ध्वनिमुद्रणाचा अंश योजिला गेला, म्हणजे परक्या मुलखातील पुढच्या पिढीने तो सूर दप्तरी दाखल करून घेतला. मुंबईच्या संगीताचा इतिहास लिहिणाऱ्यांनी निदान कोलमनकडील त्या दोन गीतांसाठी एक प्रकरण राखावे, आणि ते परिशिष्टात ढकलू नये.