राळेगावची माहिष्मती

परवा एका लग्नासाठी हैदराबादहून गावी गेलो होतो. वडकीला हायवे सोडला, राळेगावात शिरलो, आणि समोर थेट माहिष्मती! बिछायतवाल्याने मांडवाच्या दारात थर्माकोलचे हत्ती आणि सोनेरी खांब उभे केले होते.

लग्नाचं ठीक आहे हो, एका दिवसाची हौस. पण घरी बाबांनी नव्या घराचा नकाशा दाखवला. दर्शनी बाजूला गोल खांब, वर दोन हत्ती. "बाहुबलीवानी दिसते न?"

'बाहुबली'तली (२०१५) माहिष्मती साबू सिरिल यांनी रामोजी फिल्म सिटीत सेट लावून उभारली, उरलेली कॉम्प्युटरवर. त्या महालात मे महिन्याच्या दुपारी कुणाला झोपायचं नव्हतं. आम्हाला झोपायचंय, तेही विदर्भातल्या ४५ डिग्रीत!

आमचं जुनं घर जाड मातीच्या भिंतींचं, सागवानी खांबांचं. गरम हवा कवेलूंच्या फटींतून निघून जाते. स्लॅब मात्र दिवसभराचं ऊन रात्रभर परत देतो.

जुनं ते सोनं वगैरे म्हणत नाहीये मी. दरवर्षी कवेलू फेरा, माकडांनी फोडले की गळतीखाली भांडी मांडा. हे सगळं आईने केलंय. तिच्यासाठी स्लॅब हवाच. पण हत्तींच्या पैशात उंच छत, समोरासमोर खिडक्या आणि गच्चीवर चुन्याचा पांढरा थर सहज होईल. थीम कुठलीही लावा, आतली सिस्टिम गावच्या उन्हाला चालणारी हवी.

बाबांना हे सगळं समजावलं. ते म्हणाले, "बरं, एकच हत्ती ठेवू."

असो. वाटाघाटी चालू आहेत.