विश्लेषण : चंद्र ‘थेट’, व्हिएतनाम उशिरा… साठच्या दशकातील टीव्हीने युद्धाचे मत खरेच बदलले?

नील आर्मस्ट्राँगने २० जुलै १९६९ रोजी चंद्रावर ठेवलेले पाऊल जगभरात सुमारे ६० कोटी लोकांनी टीव्हीवर पाहिल्याचे मानले जाते. त्याच वेळी अमेरिकेचे पाच लाखांहून अधिक सैनिक व्हिएतनाममध्ये होते. दोन्ही बातम्या एकाच पडद्यावर येत, पण तिथवरचा त्यांचा प्रवास फार वेगळा होता.

थेट आणि उशिराचे

चंद्रावरचा कॅमेरा ‘नासा’चा, वेळापत्रकही तिचेच. ऑस्ट्रेलियातील अँटेनांनी टिपलेले चित्र काही क्षणांत घरोघरी पोहोचले. (आपल्याकडे नव्हे. तेव्हा टीव्ही केंद्र फक्त दिल्लीत होते. मुंबईचे सुरू झाले २ ऑक्टोबर १९७२ रोजी.) व्हिएतनाममधून मात्र फिल्मचे डबे विमानाने बाहेर न्यावे लागत. धुवून, कापून बातमी दिसेपर्यंत अनेकदा दिवस उलटत. तरीही १९६५च्या ऑगस्टमध्ये ‘सीबीएस’च्या मॉर्ले सेफर यांनी काम ने गावात मरीन सैनिक लायटरने झोपड्या पेटवताना दाखवले, तेव्हा सरकार हादरले. असे वृत्तांकन मात्र अपवादात्मक होते. सुरुवातीच्या वर्षांतील बरेचसे वृत्तांकन लष्कराच्या सुरातच होते.

क्रॉंकाइट यांच्यामुळे युद्ध फिरले?

ही दंतकथा फार लाडकी आहे. टेट आक्रमणानंतर, २७ फेब्रुवारी १९६८ रोजी वॉल्टर क्रॉंकाइट यांनी युद्ध कोंडीत अडकल्याचे पडद्यावरून सांगितले. ‘क्रॉंकाइट गेले म्हणजे देश गेला’ अशा आशयाचे उद्गार अध्यक्ष जॉन्सन यांनी ते पाहताना काढले, असे म्हणतात. पण जॉन्सन त्या रात्री टेक्सासमध्ये एका वाढदिवस समारंभात होते. शिवाय ऑक्टोबर १९६७ मध्येच गॅलप चाचणीत युद्धाला चूक म्हणणारे ४७ टक्के होते, न म्हणणारे ४४. म्हणजे प्रेक्षक निवेदकाच्या आधीच तिथे पोहोचले होते. वाढती सैन्यभरती आणि परतणाऱ्या शवपेट्या यांचा त्यातला वाटा टीव्हीपेक्षा मोठा म्हणावा लागेल.

नऊ महिन्यांत कंटाळा

चंद्राचे कौतुकही टिकले नाही. १३ एप्रिल १९७० रोजी अपोलो १३च्या अंतराळवीरांनी यानातून केलेले प्रक्षेपण एकाही मोठ्या अमेरिकी वाहिनीने थेट दाखवले नाही. ते संपल्यावर काही मिनिटांतच यानातील ऑक्सिजनची टाकी फुटली आणि मग सगळ्याच वाहिन्या धावत आल्या.