हिरव्या काचेमागचं वॉर्सा

हिरवा म्हणजे श्रावण, ही आपल्या डोळ्यांची सवय. पोलंडचा छायालेखक स्वावोमीर इजाक याने माझ्यापुरती ती मोडून टाकली.

'अ शॉर्ट फिल्म अबाउट किलिंग' (१९८८) मधलं वॉर्सा शेवाळलेल्या डबक्याच्या तळाशी वसल्यासारखं दिसतं. आभाळ पिवळट, चेहरे आजारी, चौकटीच्या कडा काळवंडलेल्या. एक पोरगा विनाकारण टॅक्सीवाल्याचा जीव घेतो, मग सरकार कायद्याने त्या पोराचा घेतं. दिग्दर्शक किस्लोव्हस्कीने पुढे सांगितलं, की पटकथा वाचून इजाकला किळस आली होती. करायचाच तर हिरवा करीन आणि माझे सगळे फिल्टर वापरीन, अशी त्याची अट. दिग्दर्शकाने ती मानली. (किती छायालेखकांची मानली जाते?)

हे फिल्टर इजाकने या चित्रपटासाठी मुद्दाम बनवले होते, आणि तेही शेकड्यांनी. काही नुसता रंग देणारे, तर काही चौकटीचा एखादा भागच अंधारात ढकलणारे. कॅमेऱ्याने दाखवावं, अशी आपली अपेक्षा. हा गृहस्थ झाकत सुटतो. शेजारची इमारत गेली, अर्धं आभाळ गेलं, रस्त्यावरची वर्दळ गेली. उरतो तो पोरगा, आणि त्याच्यावरून नजर काढायला आपल्याला जागाच राहत नाही. पटकथेची किळस इजाकने गिळली नाही, ती काचेवर चढवली. खुनाचा तो लांबलचक प्रसंग मला आजही सलग बघवत नाही, पण त्यातल्या रक्तापेक्षा तो उजेडच जास्त छळतो.

इजाकचा जन्म १९४५चा, कोळसा खाणींच्या कातोवित्सेचा. शिक्षण वूचच्या प्रसिद्ध फिल्म स्कूलमध्ये. झानुस्सीसारख्या दिग्दर्शकांबरोबर त्याने बरंच काम केलं. पण नाव झालं ते किस्लोव्हस्कीमुळे. 'थ्री कलर्स : ब्लू'साठी (१९९३) व्हेनिसला छायालेखनाचा पुरस्कार मिळाला. तिथला निळा सुंदर आहे, मान्य. मला तो जरा जास्तच सुंदर वाटतो. ज्युलिएट बिनोशचं दुःख कधीकधी त्यात चकाकायला लागतं.

मग हॉलिवूड. 'गॅटका'त पिवळा, रिडली स्कॉटच्या 'ब्लॅक हॉक डाउन'मध्ये मोगादिशूच्या लढाईवर पुन्हा तो ओळखीचा हिरवा. २००७ साली चक्क हॅरी पॉटर! आता असा रंग चित्रीकरणानंतर संगणकावर चढवता येतो, त्यामुळे जो तो चढवतो. फरक एवढाच, की इजाकची काच कॅमेऱ्यापुढे असायची. झाकलेलं फिल्मवर उतरतच नसे, नंतर कोणी मत बदललं तरी परत आणायचं कुठून?

'ब्लॅक हॉक डाउन'ने त्याला ऑस्करचं नामांकन दिलं. पुतळा मात्र पहिल्या 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या अँड्र्यू लेस्नीने नेला. त्याबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार ही, की त्या हिरव्या वॉर्साला ऑस्करने छायालेखनाच्या यादीतसुद्धा घेतलं नव्हतं.