जाऊ मी सिनेमात?

परवा नसरापूरच्या फाट्यावर एस. टी.ची वाट पाहत उभा होतो. शेजारी मायलेकी होत्या. पोरगी म्हणाली, "आई, मी सिनेमात जाऊ?" आई म्हणाली, "आधी बनेश्वराला चल, मग बघू!" सगळे हसले. मला मात्र शांता आपटे आठवल्या.

‘श्यामसुंदर’मधून (१९३२) बाई पडद्यावर आल्या. पुढे पुण्याच्या ‘प्रभात’मध्ये ‘अमृतमंथन’ (१९३४) गाजला आणि १९३७ साली आला ‘कुंकू’. ना. ह. आपट्यांची कादंबरी, शांतारामबापूंचे दिग्दर्शन, म्हाताऱ्या नवऱ्याच्या भूमिकेत केशवराव दाते. फसवून लावलेले ते लग्न मानायला नीरा साफ नकार देते. कितीतरी घरांतले न बोललेले दुःख त्या नीरेने बोलून दाखवले.

पण नीरा पडद्यापुरतीच नव्हती. १९३९ मध्ये कराराच्या वादावरून बाईंनी ‘प्रभात’च्या फाटकापाशी उपोषण केले. ज्या फाटकातून कीर्ती मिळाली, त्याच फाटकात हक्कासाठी बसायला छाती लागते, राव! दुसऱ्याच वर्षी त्यांनी पुस्तक लिहिले. नाव काय, तर ‘जाऊ मी सिनेमात?’ झगमगाटामागची पिळवणूक त्यांनी त्यात उघड मांडली. १९६४ साली बाई गेल्या, प्रश्न मात्र राहिला.

एवढ्यात गाडी आली आणि पोरीला सांगायचे राहून गेले. म्हणून इथे लिहितो: जा बाळ, खुशाल जा. फक्त सही करण्याआधी करारपत्र नीट वाच!