मुलगा ‘तिकडचा’ झाला तर?

मैत्रिणींनो, धाराशिवहून एका ताईंचं पत्र आलं आहे. मुलगा अमेरिकेत नोकरीला, आणि आता तिथलंच नागरिकत्व घ्यायचं म्हणतोय. शेजारणी बोलून दाखवतात, ‘‘आपल्याच गावची सारिका काळे खो-खोत भारताची कप्तान झाली, २०२० साली अर्जुन पुरस्कार मिळवला, आणि तुमचा मुलगा मात्र परक्यांचा व्हायला निघाला!’’ ताईंना झोप येईना. विचारतात, ‘‘पोरगा आपला राहील का हो?’’

ताई, आधी मुंबईच्या एका मुलाची हकीकत ऐका.

सौरभ नेत्रावळकर. जन्म १९९१ चा, डावखुरा वेगवान गोलंदाज. २०१० साली एकोणीस वर्षांखालच्या विश्वचषकात भारताकडून खेळला. पुढे मुंबईकडून रणजीचा सामना मिळाला, तो एकच. हातात इंजिनियरिंगची पदवी होती. अशा वेळी मध्यमवर्गीय घरात जो निर्णय होतो तोच त्यानं घेतला. २०१५ साली कॉम्प्युटरच्या उच्च शिक्षणासाठी तो अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठात गेला. मग ऑरॅकल कंपनीत नोकरी. क्रिकेट संपलं असं वाटत असतानाच सुट्टीच्या दिवशी पुन्हा चेंडू हातात आला, आणि २०१८ पासून तो अमेरिकेच्या संघातून खेळू लागला. पुढे त्या संघाचा कप्तानही झाला.

२०२४ च्या विश्वचषकात ६ जूनला डल्लासमध्ये पाकिस्तानशी बरोबरी झाली. निकालासाठी सुपर ओव्हर आली. अमेरिकेच्या १८ धावा झाल्या होत्या. सौरभनं पाकिस्तानला १३ वर रोखलं. सामने आटोपले की हा गडी हॉटेलात लॅपटॉप उघडून कचेरीचं काम करायचा!

मग १२ जूनला न्यूयॉर्कला समोर भारत. त्यानं विराट कोहलीला पहिल्याच चेंडूवर बाद केलं, पाठोपाठ रोहित शर्मालाही. पुढे त्याच्याच हातून सूर्यकुमार यादवचा झेल सुटला. सूर्यकुमारनं नाबाद ५० केल्या आणि भारत जिंकला. आता गंमत बघा. कोहलीला बाद केलं म्हणून इथं कुणी त्याला देशद्रोही म्हटलं नाही, आणि झेल सुटला म्हणून ‘माहेरची ओढ’ असा संशय तिथं कुणी घेतला नाही. खाल्ल्या मिठाला जागून तो खेळला, एवढंच सर्वांनी पाहिलं.

तसा हा खेळातला रिवाजच आहे. क्रिकेटमध्ये एखाद्या देशात सलग तीन वर्षं राहिलं की त्या देशाकडून खेळता येतं, पासपोर्ट तिथला नसला तरी. रग्बीत हीच अट पाच वर्षांची. म्हणजे तिथंही आधी राहून दाखवावं लागतं. आपलं तरी काय वेगळं? माप ओलांडलं त्या दिवशी कुठं आपण सासरच्या झालो होतो! वर्षं गेली, तेव्हा झालो. पण म्हणून माहेर पुसलं गेलं का?

आता व्यवहाराचं, बरं का. आपला कायदा दुहेरी नागरिकत्व मानत नाही. तिकडचं घेतलं की इकडचं जातं; भारतीय पासपोर्ट परत करावा लागतो, मतदान करता येत नाही, भारताकडून खेळताही येत नाही. मात्र ‘ओसीआय’ कार्ड काढलं की आयुष्यभर व्हिसाशिवाय येता-जाता येतं, हवं तितकं राहता येतं. शेतजमीन विकत घेता येत नाही, पण वडिलोपार्जित जमीन वारसानं मिळू शकते. तेव्हा ताई, सातबारा, फेरफार, वारसाची नोंद हे सगळं मुलगा पुढच्या खेपेला येईल तेव्हा त्याच्यासमोर जाणत्या वकिलाला दाखवून घ्या. मनातली निम्मी धास्ती तिथंच कमी होईल.

उरलेल्या निम्म्यासाठी एवढंच. मुलाला फोनवर ‘तू परका झालास’ असं चुकूनही म्हणू नका. हे वाक्य जिनं माहेरी एकदा ऐकलंय, तिला ते किती वर्षं सलतं, ते विचारा. त्यापेक्षा कामाचं विचारा, जेवणाचं विचारा, सणाला कधी येतोस ते विचारा. शेजारणींना सांगा, सारिकाचा अभिमान आम्हालाही आहे. आमचा मुलगा जिथं आहे तिथं चोख काम करतोय, त्याचाही आहे.